तीन पाण्यांनी धुतलेले बटाटे

दुसऱ्या मजल्यावरून फेकलेलं पाणी नेमकं ऋतुराजच्या डोक्यावर पडलं, आणि एप्रिलातल्या त्या दुपारी सगळ्या इमारतीत तेवढा एकच माणूस ओला झाला.

वर गॅलरीत स्वरदा रिकामं पातेलं धरून उभी होती. तिनं नेम धरला होता खालच्या वाळत चाललेल्या कढीपत्त्यावर. "अगं बाई!" तिच्या तोंडून निघालं. आता खालून शिव्या येणार म्हणून तिनं डोळे मिटून घेतले... पण अर्धेच. खालच्यानं तोंडावरून हात फिरवला, मान वर केली आणि शांतपणे विचारलं,

"अजून आहे का?"

"...काय?"

"पाणी हो. डावा खांदा कोरडाच राहिला ना."

"सॉरी, खरंच सॉरी! ते... बटाट्याचं पाणी आहे. धुतलेल्या. तीनदा धुवावे लागतात ना, त्यातला चिकटपणा जायला."

इथं मात्र त्याचं हसू मावळलं. "तीनदा? नळाला आठवड्यानं पाणी येतंय, आन् तुम्ही बटाट्याला तीनतीनदा अंघोळ घालू राहिल्या?"

स्वरदा चिडली. चूक आपली असली की माणूस जरा जास्तच चिडतो. "माझे बटाटे, माझं पाणी!" म्हणत ती आत गेली आणि दार लावून घेतलं. मग पडद्याआडून बघितलं. तो अजून तिथंच उभा होता आणि शर्टाचा पाण्यानं निथळणारा कोपरा कढीपत्त्याच्या मुळाशी पिळत होता.

ते वर्षच तसलं होतं. आदल्या पावसाळ्यानं मराठवाड्याला टांग मारलेली, धरणाचा तळ उघडा पडलेला, आणि शहर मात्र फुगतच चाललेलं. चिकलठाण्याला विमानतळाच्या पलीकडं जिथं कालपरवा ज्वारी डोलायची तिथं आता चार चार मजले उभे. होर्डिंगवर स्विमिंग पूल आणि त्याच होर्डिंगखाली टँकरची वाट बघणारे निळे ड्रम, असा सगळा थाट! या इमारतीची बोअर तर उन्हाळ्याआधीच आटली होती. आठवड्यातून एकदा नळ यायचा, तोही त्याच्या मर्जीनं. त्या दिवशी घरटी एक माणूस कामावर पाणी सोडून घरी थांबायचा. स्वरदा एका विमा कंपनीचं काम घरूनच करायची, तेव्हा त्यांच्या घरातला तो माणूस तीच. पहिल्या मजल्यावरचा ऋतुराज एकटाच राहायचा. लासूर स्टेशनचा, शेतकऱ्याघरचा, डिप्लोमा करून इथल्या कारखान्यात लागलेला. पाण्याच्या दिवशी तो दुपारची पाळी मागून घ्यायचा.

आता बटाट्यांचं म्हणाल तर त्यामागं स्वरदाची आई होती. उमाताई बँकेतून निवृत्त झाल्या आणि लगेच कोलेस्टेरॉलचा रिपोर्ट आला. डॉक्टरांनी तळण बंद केलं. उमाताईंनी ते सुतकासारखं पाळलं, म्हणजे रोज दुःख करत. शेवटी स्वरदानं ओव्हन आणला. तळल्याशिवाय कुरकुरीत फ्राईज होतात असं कुठंतरी बघून बटाटे चिरले, तेल चोपडलं आणि भाजले. ट्रे बाहेर काढला तर सगळे मान टाकून पडलेले. उमाताईंनी एक चाखला. "छान झालेत हो," त्या म्हणाल्या. "आजाऱ्याला चालतील."

हे वाक्य स्वरदाच्या जिव्हारी लागलं. तेव्हापासून तिची तीन पाण्यांची तपश्चर्या सुरू झाली होती.

पुढच्या पाण्याच्या दिवशी पार्किंगमधल्या हौदापाशी तो भेटला. आपापल्या पाइपला धरून दोघं मोटारीची वाट बघत उभे.

"बटाटे काय म्हणतात?" त्यानं हळूच विचारलं.

"तुम्हाला काय करायचंय?"

"मला नाय, माझ्या शर्टाला करायचंय. तुमचं पाणी वाळलं आन् शर्ट असा कडक झाला... खळ घातल्यागत! कंपनीत साहेब म्हणला, आज काय लगीन हाय का?"

ती हसली. नाही म्हटलं तरी हसलीच, आणि हसताना तिच्या हातातला पाइप ड्रममधून निसटला. दोघांनी एकदमच झेप घेतली. पाइप हाती लागला, तेव्हा तिच्या बोटांवर त्याची बोटं होती. मोटार एव्हाना सुरू झाली होती, पाणी जोरात येत होतं, म्हणून दोघांनाही हात सोडता येईना. ड्रम भरेपर्यंत दोघं कुठंतरी तिसरीकडंच बघत होते.

"एक सांगू?" जाताना तो म्हणाला. "ते धुतलेलं पाणी टाकत जाऊ नका. मला देत जा. मी लावतो सत्कारणी."

तिनं त्याच संध्याकाळी बादलीभर दिलं. त्यानं कूलरमध्ये ओतलं.

दोन दिवसांनी बेल वाजली. दारात ऋतुराज, नाकाला रुमाल. "तुमच्या बटाट्यानं माझा कूलर नासवला. असा आंबट वास येतो, की पालसुद्धा घर सोडून गेली."

"मी म्हटलं होतं का कूलरमध्ये घाला म्हणून?"

"मला वाटलं पाणी ते पाणी."

"अहो, डिप्लोमा केलाय ना तुम्ही?"

"मशीनचा केलाय. बटाट्याचा कुठं होता?"

आतून उमाताईंचा आवाज आला, "कोण आहे गं?" आणि दारात वाद घालणं बरं दिसत नाही म्हणून स्वरदानं त्याला आत घेतलं. निदान तिनं स्वतःची समजूत तरी तशीच घातली.

ती वेळ फ्राईजचीच होती. बटाटे बोटभर जाडीचे चिरून, धुऊन, सुती पंचावर पसरून ठेवले होते. ती ओव्हन लावणार एवढ्यात लाईट गेली. उकाड्यानं जीव जायला लागला, तसा तिनं पंचा उचलून गॅलरीत नेला. बाहेर जालना रोडकडून झळा येत होत्या. "बसा," ती म्हणाली. "लाईट आली की खाऊनच जा. कूलरची भरपाई समजा."

लाईट काही लवकर येईना. मग ती बोलली, तो बोलला. त्यानं सांगितलं, की तो लहानपणी लासूरच्या बाजारात वडिलांच्या खांद्यावर बसून जायचा आणि भाव त्यांच्याआधी ओरडायचा. तिनं सांगितलं, की तिला बारावीपर्यंत विमान जवळून बघायचं होतं आणि आता दिवसातून इतक्यांदा डोक्यावरून जातं की फोनवर बोलता येत नाही. तो ऐकताना मान किंचित वाकडी करायचा. तिला ते दिसत होतं, आणि आपल्याला ते दिसतंय हेही तिला कळत होतं...

लाईट आली तेव्हा पंचावरचे बटाटे पार कोरडे ठक्क झाले होते. हात लावला तर कागदासारखे खरखरीत लागले. गेले वाया, असं वाटून तिनं नाइलाजानं चमचाभर तेल आणि थोडं मक्याचं पीठ चोळलं, एकाला एक चिकटणार नाही असे ट्रेमध्ये मांडले आणि खूप तापलेल्या ओव्हनमध्ये सरकवले. अर्ध्यात उलटले. मीठ मात्र बाहेर काढल्यावरच घातलं. आधी घातलं की बटाटा रडतो, हे ती मागं एकदा शिकली होती.

उमाताईंनी एक उचलला. कुर्रर्र... आवाज स्वयंपाकघरापर्यंत आला.

"अय्या!" उमाताई म्हणाल्या. त्या दिवशी त्या दुसरं काही बोलल्याच नाहीत, खात राहिल्या.

म्हणजे गोम वाळवण्यात होती तर. धुवायचं, आणि मग या गावच्या भाजून काढणाऱ्या वाऱ्यावर विसरून जायचं. विसरायला दोघं लागत, कारण एकटं माणूस दर दोन मिनिटांनी उठून बघतं. म्हणून ऋतुराज येऊ लागला. "तुम्ही" कधी गळालं ते दोघांनाही कळलं नाही. दुष्काळानं सगळं गाव हैराण झालेलं असताना एक मुलगी गॅलरीत बसून या कोरड्या वाऱ्याला दुवा देत होती, ही काही फार अभिमानानं सांगायची गोष्ट नव्हे. पण होतं ते होतं. तिला तो आवडत होता. खूप आवडत होता.

तो मात्र बोलत नव्हता. सगळ्या जगाचं बोलायचा, तेवढं सोडून.

आणि मग मावशीचा फोन आला. पुण्याचं स्थळ. मुलगा देवेश, आयटीत, दिसायला नीटनेटका. "आणि बाणेरला स्वतःचा फ्लॅट," उमाताई डोळे विस्फारून म्हणाल्या. "चोवीस तास पाणी, स्वरदा! चोवीस तास!" देवदर्शनाचं सांगावं तसं त्यांनी ते सांगितलं. लोक रविवारी येणार होते.

स्वरदानं ना हो म्हटलं, ना नाही. तिला वाटत होतं, त्यानं एक शब्द बोलावा. एक शब्द मिळाला तर ती आईशी, मावशीशी, पुण्याशी, सगळ्यांशी भांडली असती. पण भांडायला काही हातात तर हवं!

शनिवारी तो आला. उमाताई आतल्या खोलीत पडल्या होत्या. बटाटे पंचावर पसरून दोघं गॅलरीत बसले.

"उद्या पुण्याचे लोक येतायत," ती म्हणाली.

"ऐकलं." तो खाली बघत राहिला. "चोवीस तास पाणी हाय म्हणे."

"एवढंच बोलायचंय तुला?"

"चांगलंच हाय की. तुला लागतं पाणी."

"ऋतुराज, माझ्याकडं बघून बोल."

त्यानं बघितलं. मग त्याचा बांध फुटला. "काय बोलू? दोन वर्षांनी मला घरी जावं लागंल. नाना थकलेत, शेत कोण बघणार? विहीर फाल्गुनातच कोरडी पडली. माझी आई टँकरपुढं घागर घेऊन उभी राहते, स्वरदा. आन् तू... तुझ्या बटाट्याला तीन पाणी लागतात. तुला तिथं कोणत्या तोंडानं ने म्हणू? लई इचार केला. मग म्हणलं नाय, आपणच मागं सरावं."

स्वरदा उठून उभी राहिली.

"म्हणजे तू मला विचारलंस, मी नाही म्हटलं आणि तू समजूतदारपणे मागं सरलास. आणि हे सगळं तुझं तूच उरकलंस? वा रे शहाण्या! नकार द्यायचा तर मी देईन ना. तो माझा आहे. माझ्या वतीनं तू देऊ नकोस."

खालून टँकरचा भोंगा ऐकू आला, बायकांची धावपळ झाली, बादल्या खणखणल्या.

"मग..." तो म्हणाला. "विचारू?"

"विचार."

"माझ्यासंगं... लासूरला... म्हणजे आधी इथं, मग तिथं... विहिरीला पाणी नाय हे धरून..." तो अडखळला, थांबला. "राहशील का गं?"

"हो."

"इचार तरी कर थोडा!"

"तुझा चालला होता तेवढ्यात माझाही झाला."

पंचावरचे बटाटे केव्हाच वाळले होते. ते उचलायला ती वळली, तर दारात आई. किती वेळ उभी होती कोण जाणे. ऋतुराज ताडकन उठला.

उमाताईंनी दोघांकडं आळीपाळीनं बघितलं. मग मुलीच्या हातातला पंचा काढून घेतला. "हॉलमध्ये जाऊन बसा दोघं. हे मी करते."

अर्धा तास स्वयंपाकघरातून आवाज येत राहिले. सोफ्यावर ही दोघं परीक्षेला बसल्यासारखी. अखेर उमाताई स्वतः बशा घेऊन बाहेर आल्या, समोर ठेवल्या, पदर सावरून खुर्चीत बसल्या.

"हं. घरी कोण कोण असतं तुझ्या?"

त्यांना ते सगळं ठाऊक होतं. तरी त्यानं नीट सांगितलं, "आई गीताबाई. वडील नानासाहेब. बहीण सोनिया, तिला सिल्लोडला दिलीये."

"आणि पाणी?"

स्वरदा सोफ्यावर पुढं सरकली.

"नाय काकू," तो म्हणाला. "सध्या तर नाय. टँकर येतो. पुढंही हाय असं आज सांगितलं, तर ते खोटं होईल."

उमाताईंनी बशी त्याच्यापुढं सरकवली. मग त्यांनी फोन उचलला आणि बहिणीला लावला.

"अगं, पुण्याच्यांना उद्या येऊ नका म्हणावं... नाही नाही, त्यांच्यात काही खोट नाही. आमच्या मुलीनंच एक पसंत केलाय... हो, समोरच बसलाय माझ्या."

पलीकडून मावशी काहीतरी विचारत होती. आवाज एवढा मोठा होता, की ते सोफ्यापर्यंत ऐकू आलं: आपल्यातला आहे का?

उमाताईंनी ऋतुराजकडं बघितलं. तो हात गुडघ्यांवर ठेवून बसला होता, आणि समोरच्या बशीला त्यानं अजून हातही लावला नव्हता.

"नव्हता," उमाताई फोनमध्ये म्हणाल्या. "आता आहे." आणि हातानंच त्याला खूण केली, की खा, गार होतंय.