तिसरं उत्तर

विश्वास ठेवायचा तर ठेवा. मला भुताखेतांची अजिबात हौस नाही. कुणी असल्या गोष्टी सुरू केल्या की मी चहा ठेवायला उठते. पण हे माझ्याच बाबतीत घडलंय, आणि तेही भर दुपारी सुरू झालंय.

साल १९९७. खंडेनवमी. बंगलोरमधलं महादेवपुरा.

तेव्हा तिकडे आजच्यासारखी गर्दी नव्हती. आमचं ऑफिस एका बैठ्या इमारतीत होतं. मागे नीलगिरीची झाडं, पुढे रिकामे प्लॉट. हाक मारली तर ऐकायला कुत्रंसुद्धा नाही.

मी सुलभा. नागपूरहून नोकरीसाठी आलेली. माझं काम काय, तर बँकेच्या शाखांमधले कॉम्प्युटर मुख्य सर्व्हरशी कसे बोलतील, ते नियम प्रोग्रॅममध्ये बसवायचे. त्या नियमांना प्रोटोकॉल म्हणतात.

तसं सोपं आहे. शाखेतला कॉम्प्युटर विचारतो, "आहेस का?"

सर्व्हर म्हणतो, "आहे. तू आहेस का?"

शाखेतला म्हणतो, "आहे."

हे तिसरं उत्तर पोचलं की जोडणी पक्की. मग खरं बोलणं सुरू होतं. ते पोचलंच नाही, तर सर्व्हर पुन्हा विचारतो. थोडं थांबून पुन्हा. मग आणखी जास्त थांबून...

आईला हे समजावलं तेव्हा ती म्हणाली, "म्हणजे फोनवर हॅलो-हॅलो करायचा पगार देतात तुला."

आमचे साहेब रत्नाकर सर. तीन पिढ्या बंगलोरला राहिलेलं मराठी घर, त्यामुळे बोलणं अर्धं कानडी. खंडेनवमीला ऑफिसात आयुधपूजा व्हायची, आणि ती त्यांच्या फार जिव्हाळ्याची.

"यंत्रांनाही एक दिवस स्वल्प विश्रांती नको का गं?" असं ते म्हणायचे.

त्या दिवशी झाडून सगळी यंत्रं बंद. प्लग काढलेले. हळदकुंकू, शेवंतीच्या माळा. काचेच्या खोलीतल्या सर्व्हरला सगळ्यात मोठी माळ. ऑफिसातल्या टेलिफोन एक्सचेंजलासुद्धा गंध लावून बंद केलेलं. मग प्रसाद, चुरमुरे, आणि जो तो आपापल्या घरी. शेवटी वॉचमन मुनियप्पा उंबऱ्यावर कोहळा फोडायचा, बाहेरचा मेन स्विच पाडायचा आणि शटर ओढायचा. आमच्या ऑफिसातली रीत अशी, की कोहळा फुटला की कुणी आत वळून बघायचं नाही.

मी तेव्हा बाथरूममध्ये होते. साडीवर कुंकू सांडलं होतं, ते धूत बसले होते.

दिवा गेला. शटरचा खडखडाट झाला.

बाहेर आले, तर हॉल रिकामा. प्रत्येकाला वाटलं असणार, सुलभा दुसऱ्या कुणाच्या तरी स्कूटरवरून गेली.

दुसऱ्या दिवशी दसरा. त्याला लागून रविवार. म्हणजे सोमवार सकाळपर्यंत मी आत. फोन उचलला तर मुका. मोबाईल कुणाकडे होते तेव्हा? खिडक्यांना लोखंडी जाळ्या, आणि त्या जाळ्यांतून नुसती झाडं.

मला पहिल्यांदा राग आला. मुनियप्पाचा, त्या कोहळ्याचा, स्वतःच्या साडीचा. जाऊन शटरवर दणादण तीन थापा मारल्या.

"मुनियप्पा अण्णा!"

थांबले. आणि...

ठक. ठक. ठक.

मागून. काचेच्या खोलीतून.

रिकामा हॉल घुमणारच, असं मी स्वतःला समजावलं. पुन्हा थापा मारल्या. या वेळी पाच.

मागून पाच आल्या.

मग जरा थांबून... आणखी एक. सावकाश. विचारल्यासारखी.

मी भिंत धरून काचेपर्यंत गेले. सर्व्हरचा प्लग जमिनीवर पडलेला होता. एसी बंद, खोली बंद, वारा कुठलाच नाही.

शेवंतीची माळ हलत होती...

मी मागे सरकले, तोच ठक. पुन्हा एकच. मग थोडी शांतता. पुन्हा ठक. मग त्याहून लांब शांतता.

हा क्रम मला पाठ होता. मीच तर तो दिवसभर लिहायचे. मी हाक घातली होती, तिकडून "आहे" आलं होतं, आणि आता तिकडचं कुणीतरी विचारत होतं, तू आहेस का?

तिसरं उत्तर द्यायचं राहिलं होतं.

आणि मग लक्षात आलं, की आता मी शटर वाजवूच शकत नाही. मदतीसाठी मारलेली एक थापसुद्धा त्याला पोचणार. बाहेरच्यांना हाक मारायची, तर आतल्यालाही ती ऐकू जाणार. सुटायचा एकच रस्ता होता, आणि तोच बंद झाला होता.

मी टेबलाखाली जाऊन बसले. एकदा बाहेरून मोपेड गेली, अगदी जवळून. मी धावत शटरपाशी गेले, हात उगारला...

ठक.

हात तसाच खाली घेतला. मोपेड निघून गेली. मला रडू आलं. आवाज न करता रडणं किती अवघड असतं, ते त्या दिवशी कळलं.

संध्याकाळ झाली. ठकठकीतलं अंतर वाढत वाढत इतकं वाढलं, की मला वाटलं संपलं. सर्व्हरही शेवटी कंटाळतो. बऱ्याचदा विचारून उत्तर आलं नाही, की नाद सोडतो. त्या आशेवर मी देवाचं नाव घेत बसले.

बराच वेळ काहीच नाही.

आणि मग...

"सुलभा? आहेस का गं?"

रत्नाकर सरांचा आवाज. मायेचा, काळजीचा. माझा जीव भांड्यात पडला.

"आहे! सर, मी आहे!"

पुढे काही नाही. ना पावलं, ना कुलपाचा आवाज. तो आवाज नक्की कुठल्या बाजूने आला, हे मी बघितलंच नव्हतं.

त्यानंतर ठकठक आली नाही. एकदाही नाही.

किती वेळ गेला कोण जाणे. शटर खडखडलं आणि वर गेलं. मुनियप्पा होता. त्याची घराची किल्ली स्टुलावर राहिली होती. रीत मोडू नये म्हणून बिचारा मान वळवून, हाताने चाचपत होता. माझा हात लागला तसा किंचाळलाच.

"अय्यो, मेडम!"

"सर कुठे आहेत? रत्नाकर सर?"

"सार मध्याह्नने मनेगे होद्रु," तो म्हणाला. सर दुपारीच घरी गेले होते. अंगणात फक्त त्याची सायकल होती.

मी चपला हातात घेतल्या आणि उंबरा ओलांडला. आता आमच्याकडे लहानपणापासून बजावलेलं असतं, की निघताना "जाते" म्हणायचं नाही. अशुभ असतं. जिभेला वळणच पडलेलं असतं. इतकी भ्यालेली होते, तरी बाहेर पडता पडता, पाठमोरीच, माझ्या तोंडून गेलं.

"येते हं."

आतल्या अंधारातून सरांच्या आवाजात, अगदी लाडाने उत्तर आलं...

"हो. ये."

मुनियप्पाच्या हातातून शटर सुटलं. त्याला मराठी येत नव्हतं.

"ओळगे यार इद्दारे, मेडम?" आत कोण आहे, असं तो मलाच विचारत होता.

मी दुसऱ्या दिवशी हॉस्टेलवरून सरांच्या घरी फोन करून नोकरी सोडली. सर हसले. म्हणाले, स्वल्प घाबरलीस, बाकी काही नाही. सोमवारी सर्व्हर नीट चालू झाला म्हणे.

त्यानंतर मला काहीही झालेलं नाही. लोक म्हणतात, मग संपलं की. पण मी या धंद्यातली आहे. पक्की झालेली जोडणी वर्षानुवर्षं गप्प राहू शकते. गप्प आहे म्हणजे तुटली, असं नसतं. मी काही निरोप घेतलेला नाही. मी तर येते म्हणाले होते.

मी पुन्हा बंगलोरला पाऊल टाकलं नाही. गेल्या महिन्यात माझ्या मुलाला, अद्वैतला, नोकरी लागली. कंपनी महादेवपुऱ्यात आहे. मी खूप सांगून पाहिलं. त्याने हसण्यावारी नेलं.

निघताना तो बॅग घेऊन दारात उभा राहिला.

"येतो गं आई."

माझ्या तोंडून "ये" निघेना. तो उत्तराची वाट बघत तसाच उभा होता... शेवटी रिक्षावाल्याने हॉर्न दिला, तेव्हा निघाला.