एकनाथचा फेटा

२००८ साली मी हिंजवडीत टेस्टर होतो, म्हणजे दुसऱ्यांच्या चुका शोधायचा पगार घ्यायचो. राहायचो जांब्यात, कुशाबाकाकांच्या चाळीत. मागे गोठा, पुढे नऊ इंजिनिअर. वास गोठ्याचा कमी यायचा.

एका रविवारी दुपारी काका लेकीच्या, स्नेहलच्या लग्नाची डीव्हीडी घेऊन आले. कासारसाईच्या जावयाला ती मोबाइलमध्ये हवी होती. डीव्हीडीची फाइल करणारं सॉफ्टवेअर माझ्याकडे होतं. फुकटात उतरवलेलं, त्यामुळे माझा त्याच्यावर पूर्ण विश्वास होता. रुपयाएवढं कुंकू लावलेल्या गोजराकाकू दोन कप चहा ठेवून गेल्या.

"आमोघ, ह्यातला एकन्याचा फेटा काढ," काका म्हणाले.

एकनाथ त्यांचा चुलतभाऊ, बांधापलीकडे राहणारा. लग्नात माइकवर नाव पुकारून त्याला मानाचा फेटा बांधला होता. पुढच्या महिन्यात रस्त्याकडच्या दोन गुंठ्यांवरून बोलणं बंद.

"काका, लग्न होऊन गेलंय."

"वाटणी बी हून गेलीय. ती मोडतुयाच न्हवं त्यो? काढ."

तुकड्याला सुरुवातीची आणि शेवटची खूण लावली की सॉफ्टवेअर तो गाळतं. फेट्याची चाळीस सेकंदं गाळली. फाइल तेवढी कमी भरायला हवी होती. ती चाळीस सेकंदं जास्त भरली.

मी शेवट उघडला. 'आभारी आहोत' ही गुलाबांची पाटी गेल्यावर परत तोच मांडव. पाहुणे गेलेले. कुशाबाकाका खुर्च्या एकात एक घालतायत. मागून एकनाथ आला, बोडका, हातात कोयता. पहिला घाव मानेत. दुसरा काकांनी खुर्चीवर झेलला. तीन बोटं खुर्चीवरच राहिली. सनई चालू होती.

काका शेजारी बसून बघत होते.

"मागं घे."

मागे घेतलं.

"कोयता माझा हाय," ते म्हणाले. "चार वर्सं झाली नेल्याला. अजून दिला न्हाई."

मी काही न गाळता परत फाइल केली. ती गुलाबांवर शहाण्यासारखी संपली.

"बघा. हीच द्या जावयांना. एकनाथकाकांचा फेटा राहू दे, तुमची मान राहील."

काकांनी चहा बशीत ओतला. "म्हंजी ज्याला काढला, त्यो कोयता घिऊन येतुया."

"दोन टेस्टवर असं म्हणता येत नाही."

"मंग तिसरी कर. मला काढ."

"काय?"

"जितं दिसतुया तितं काढ. लगीन पोरीचं हाय, माझं थोबाड कशाला?"

"काका, एकनाथकाका मरतील."

"ते मला ठावं हाय."

मी उठलो. त्यांनी दाराला आतून कडी घातली आणि माझ्या मानेवर हात ठेवून मला खाली बसवलं. हात जड होता. तीस वर्षं बैल दाबलेला.

तासभर मी काकांना गाळत होतो. पंगतीतून, वरातीतून, कन्यादानातून. अख्खे तुकडे जायला हवे होते; गेले फक्त काका, स्नेहलच्या बाजूची जागा रिकामी होत गेली. मग पट्टी सरकू लागली. काका खांद्याला खांदा लावून बसलेले. जागचे हलले नाहीत.

साठ टक्के.

ऐंशी.

बांधापलीकडून एकनाथ ओरडला, "दादा, नको!"

मग ओलं लाकूड फोडल्यासारखा आवाज. सहा वेळा. मोजायची मला सवय आहे.

शंभर.

दार धडधडलं. मी कडी काढली. गोजराकाकू धापा टाकत होत्या.

"आमोघ, एकनाथभावजींना कुणीतरी तोडलं रं! चल लवकर. आमच्या घरात गडीमाणूस न्हाई, तूच चल."

"काका आहेत ना," मी मागे हात केला.

त्यांनी आत पाहिलं. मग माझ्याकडे.

"कोण काका?"

त्यांचं कपाळ कोरडं होतं. पुसलेलं नव्हे, वर्षानुवर्षं काही लावलंच नसावं, तसं.

मी दारातून मागे येऊन खुर्चीत बसलो. माउस हाताला चिकटला. शेजारी चहाचा फुरका वाजला.

"जरा मागं घे," काका म्हणाले.