गेट तपास

"बाई, माझ्या घोवाक सोडवा. तेणी खून करूक नाय."

रुक्मिणी दारातच बसली. बाई सावंतवाडीकडची. नवरा सदाशिव डिचोलीच्या एका खाणीवर राखणदार होता आणि कालपासून पोलिसांच्या कोठडीत होता.

म्हापशाच्या बसस्टँडसमोर, माडीवरच्या खोलीत कमलाक्षी पार्सेकर खाजगी तपासाची कामं घेत असे. सोबत तिचा चुलतभाऊ गुरुदास, निवृत्त कंडक्टर. मन सोन्यासारखं, डोकं मात्र चढावरच्या बससारखं.

खाणीवर इंग्रजांच्या एका सिनेमाचं शूटिंग चालू होतं. शिरगावच्या जत्रेदिवशी खाण बंद आणि सिनेमावालेही जत्रेला. त्या दुपारी दिग्दर्शक हॅल्डेन खाणीच्या कड्यावरून पडून मेला. आदल्या दिवशी त्यानं सगळ्यांदेखत सदाशिवच्या थोबाडीत मारली होती. पोलिसांना तेवढं पुरलं.

"गोरा मेला म्हटल्यावर कुणीतरी काळा आत जायलाच हवा," गुरुदास म्हणाला.

गोव्याला राज्याचा दर्जा मिळायचे दिवस होते आणि डिचोलीला इन्स्पेक्टर घाईत होता. "गोंय आतां राज्य जातलें, दिल्लीचे दोळे आमचेर आसात. केस बेगीन बंद जावंक जाय." तरी त्यानं एक गोष्ट सांगितली. कड्यावर हॅल्डेनच्या बुटांचे ठसे होते आणि टाचा दरीकडे होत्या. "म्हणजे मुखार रावून कोणें तरी धुकलला." समोरून ढकलला, असा त्याचा निष्कर्ष.

कोठडीत सदाशिव भिंतीला टेकून बसला होता.

"साहेब वरसून आरडलो, गेट तपास म्हणान. माका वाटला गुरां शिरली. मी गेलंय. गेट बंद होता. परत इलंय तर साहेब खाली पडललो."

"ओरडताना दिसला?"

"नाय. मदी मातयेचो ढीग. पण कड्यार चढताना साहेबच दिसललो, मग आनी कोण असतलो?"

"बंद गेट तपासायला सांगितलं?" बाहेर येताच गुरुदासनं मान हलवली. "थाप तरी नीट मारायची."

"थाप मारणारा बरी थाप मारतो रे," कमलाक्षी म्हणाली.

शूटिंग थांबलं नव्हतं. हॅल्डेनच्या खुर्चीत आता त्याचा सहायक क्रॉफ्ट बसला होता. उंच, वाकलेला, उन्हानं सोललेला माणूस. शॉट झाला, तो "कट" म्हणाला, थोडा हसला आणि स्वतःच ओरडला, "चेक द गेट!" शेजारचा नवा सहायक तोंड उघडून तसाच उभा राहिला.

कॅमेरामन सागर मयेकर गालात हसला. "जित्याची खोड! ती आरोळी सहायकाची असते. दिग्दर्शकाला शॉट पसंत पडला की सहायक ओरडतो. मग मी कॅमेऱ्यातल्या फटीत, म्हणजे गेटमध्ये, केस-कचरा अडकलाय का ते बघतो. क्रॉफ्टसाहेब सव्वीस वर्षं ओरडताहेत, ते काय एका दिवसात सुटतंय?"

"जत्रेदिवशी कॅमेरा कुठे होता?"

"इथंच, खोलीत. किल्ली क्रॉफ्टसाहेबांकडे." सागर जरा घुटमळला. "आदल्या दिवशी नवी रीळ भरली होती. दुसऱ्या दिवशी पाहतो तर थोडी वापरलेली. चूक माझीच असणार. डब्यात बंद करून ठेवलीय."

गुरुदास कड्याशी वाकून बघत होता. कमलाक्षीनं त्याला दंडाला धरून मागं ओढलं. कडेनं चुन्याची जाड रेघ आखलेली होती, पलीकडे माती भुसभुशीत. मधेच एका जागी रेघ नव्हती. कुणीतरी बुटानं खरवडली होती.

"ही क्रॉफ्टसाहेबांनी स्वतः आखलेली," सागर म्हणाला. "माणसं सांभाळणं सहायकाचं काम. दुसऱ्या कुणाला हात लावू देत नाहीत."

क्रॉफ्ट सभ्यपणे बोलला. जत्रेदिवशी पोट बिघडलं म्हणून तो विश्रामगृहात एकटाच पडून होता. "वाळवंटात उंट अडवले, बर्फात घोडे अडवले, बाई. माझं नाव पडद्यावर येतं तेव्हा लोक उठून कोट चढवत असतात. हॅल्डेन दर वर्षी म्हणे, पुढचा सिनेमा तुझा. यंदा विचारलं तर हसला."

दुसऱ्या दिवशी विश्रामगृहाच्या व्हरांड्यात कमलाक्षीनं सगळ्यांना बसवलं. तिच्या हट्टापायी इन्स्पेक्टरनं सदाशिवलाही आणलं. रुक्मिणी खांबाला धरून उभी होती.

"हॅल्डेनला मराठी येत नव्हतं," कमलाक्षी म्हणाली. "मग 'गेट तपास' म्हणाला कोण? कुणीच नाही. ते भाषांतर सदाशिवचं. सदाशिव, साहेबाचे शब्द काय होते?"

"चेक गेट. तितक्या माका कळता. जल्म गेटार गेलो."

सागर ताडकन उठला.

"ती आरोळी दिग्दर्शकाची नव्हे, सहायकाची," कमलाक्षी पुढे म्हणाली. "आणि शॉट झाल्याशिवाय ती निघत नाही. म्हणजे त्या दुपारी कड्यावर कॅमेरा चालला होता. रीळ वापरलेली निघाली ती म्हणूनच. टाचा दरीकडे, कारण धक्का कुणी दिलाच नाही. पुढचा शॉट जुळवून पाहू म्हणत नटाच्या जागी उभं करून, कॅमेऱ्यातून बघत, 'थोडे मागे' म्हटलं की माणूस मागे सरतो. पाठीमागची रेघ आधीच खरवडलेली. क्रॉफ्टसाहेब, हॅल्डेन तुमच्या रेघेवर विश्वासला; रेघ दिसत नाही म्हणजे कडा अजून लांब. तो पडला, तुम्ही कॅमेरा थांबवला आणि तोंडातून सवयीचे शब्द गेले. ढिगापलीकडे ते एका गरिबाच्या कानावर पडले आणि तो हुकूम समजून धावला."

"आणि आपण चोर सोडून संन्याशाला फाशी द्यायला निघालो होतो," गुरुदास पुटपुटला.

"रीळ मुंबईला धुवायला पाठवतो," इन्स्पेक्टर म्हणाला.

क्रॉफ्ट म्हणाला, "आयुष्यभर त्यानं सांगितलं तसं मी केलं. त्या दिवशी मी सांगितलं तसं त्यानं केलं." त्यानं सदाशिवकडे एकदाही पाहिलं नाही. माणसं सांभाळायचं काम केलेल्या माणसाचा कमलाक्षीला त्या क्षणी किळस आला.

शिपायानं सदाशिवच्या हातातल्या बेड्या काढल्या. रुक्मिणीनं त्याची मनगटं पदरानं पुसली आणि मग ती रडली.

त्याच बेड्या घालून घेताना क्रॉफ्टनं सागरला इंग्रजीत काहीतरी विचारलं. सागर तडक व्हरांडा उतरून गेला.

"काय इचारता तो?" रुक्मिणीनं डोळे पुसत विचारलं.

गुरुदासला आयुष्यात एकदा सगळं चटकन कळलं होतं. "विचारतोय, रीळ धुऊन आली की तो शॉट मला एकदा बघायला..."

"पुरे, गुरुदास," कमलाक्षी म्हणाली. "हे तिच्या भाषेत आणू नकोस. रुक्मिणी, सदाशिवला घरी ने."