उतारावर बंद पडणारी गाडी

"पहिल्यांदा बंद पडली ती कुठे?" संजीवनीने वहीचं कोरं पान काढलं.

"मोरीच्या खाली, उतारावर," शेजारची अक्षदा म्हणाली. "दुसऱ्यांदा पण तिथंच. तिसऱ्यांदा जरा वर, त्या मोठ्या खड्ड्याशी."

"म्हणजे तिन्ही वेळा उतारावरच," भाविक म्हणाला. "मग बारकूबाबा म्हणतात ते खरंच निघतं की."

संजीवनीची पेन्सिल थांबली. अक्षदाने भाविकला कोपराने असं ढोसलं की तो गोणपाटावरून खालीच घसरला. भाविक हा संजीवनीचा मामेभाऊ. सुट्टीला कालच वाशिंदहून आला होता, येताना खेकडे पकडायचं जाळं घेऊन. आपण काय बोललो ते त्याला आत्ता उमगलं.

"तसं नव्हतं म्हणायचं मला," तो पुटपुटला.

"लिहायचं तर सगळं लिहायचं," संजीवनी म्हणाली आणि तिने लिहिलं: तिन्ही वेळा उतार.

करवंदवाडी डोळखांबच्या वरच्या अंगाला, दोन डोंगरांच्या मध्ये. एस्टी फाट्यापर्यंतच येते, पुढे तीन किलोमीटर चढ. पूर्वी आजारी माणसाला झोळीत घालून फाट्यापर्यंत न्यावं लागे, आणि झोळी खाली पोहोचेपर्यंत माणूस जगेलच असं नसे. म्हणून चार वर्षांपूर्वी साऱ्या वाडीने मिळून एक जुनी पांढरी व्हॅन आणली. लोक तिला 'दवाखान्याची गाडी' म्हणत. ती चालवायचा संजीवनीचा बाप, नामा.

गेल्या दोन महिन्यांत ती गाडी तीनदा चालता चालता बंद पडली. शहापूरच्या साईनाथ इलेक्ट्रिशियनने आधी बॅटरी बदलली, मग पेट्रोलचा फिल्टर. तिसऱ्यांदा आत धोंडीबाई होती, तापाने फणफणलेली. इंजिन बंद झालं, स्टेअरिंग जड झालं, गाडी बांधाला जाऊन आदळली आणि धोंडीबाईचं मनगट मोडलं.

मग वाडीच्या कमिटीतले सगळ्यात जाणते बारकूबाबा बोलले, "नामा उतारावर चावी फिरवून इंजिन बंद करतो. पेट्रोल वाचवायची खोड लागली त्याला."

घाटात असं करणारे ड्रायव्हर असतात, हे सगळ्यांनाच ठाऊक. त्यामुळे बोलणं लोकांना पटलं. नामा एकदाच म्हणाला, "मी नाय केली बंद." त्यानंतर काही बोललाच नाही. रोज पहाटे शेतावर राब भाजायला, म्हणजे पेरणीआधी पालापाचोळा जाळायला, जायचा आणि परत आला की खाली मान घालून जेवायचा.

शनिवारी सकाळी समाजमंदिरात सभा होती. गाडीची चावी नामाकडून घेऊन दिपेशकडे द्यायची ठरली होती; दिपेश मुरबाडला टेम्पो चालवायचा. आज गुरुवार. आणि तिकडे वरच्या आळीतल्या जनाला नववा महिना भरत आला होता, म्हणजे गाडी कोणत्याही दिवशी लागणार होती.

चावी कोणाकडे जाते याचं संजीवनीला तेवढं काही नव्हतं. बाप खोटं बोलला नाही, एवढं लोकांना दिसायला हवं होतं.

तिघं आधी धोंडीबाईकडे गेली. ती ओट्यावर बसून एका हाताने चिंचा फोडत होती.

"बसा रे. हात मोडलाय, तोंड नाय मोडलं. इचारा काय ते."

"आजी, गाडी बंद पडली तेव्हा आधी काय झालं?"

"आधी खड्डा झाला," धोंडीबाई म्हणाली. "मग पंखा थांबला. नामाने माझ्या तोंडावर तो लहानसा पंखा लावला होता ना, तापात बरं वाटावं म्हणून. तो थांबला, इंजिन गप झालं, आणि मग मी खाली पडले."

"बाबांचे हात कुठे होते?"

"दोन्ही हात चाकावर. मी त्याच्या हातांकडंच बघत होते गो. तापलेल्या माणसाला दुसरं काय काम?"

"मग कमिटीला का नाही सांगितलंत?"

"सांगितलं. बारकू म्हणाला, तापात होतीस म्हातारे, तुला काय दिसणार." तिने चिंचोका जोरात अंगणात फेकला. "त्याला मी नाचणीच्या खळ्यावर उघडा फिरताना बघितलाय. तेव्हा बराबर दिसायचं मला."

भाविक हसला. संजीवनी नाही हसली. तिने लिहिलं: खड्डा, मग पंखा.

संजीवनीच्या घरात खुंटीवर चाव्यांचा जुडगा टांगलेला होता. तो घेऊन तिघं समाजमंदिरापाशी गेली. गाडी तिथेच जांभळीखाली उभी होती. हँडब्रेक ओढलेला, चाकांना दगड लावलेले. संजीवनीने चावी अर्धीच फिरवली, म्हणजे इंजिन सुरू न होता फक्त वीज येईल अशी. पंखा गरगरू लागला. चावी मागे घेतली, पंखा थांबला.

"म्हणजे पेट्रोलचा काही संबंध नाही," भाविक म्हणाला. "पेट्रोल संपलं तरी पंखा फिरणारच. त्या दिवशी वीजच गेली. साईनाथने फिल्टर उगाच बदलला."

अक्षदा पायाच्या अंगठ्याने माती उकरत होती. "पण संजू," ती हळूच म्हणाली, "कुणी हाताने चावी फिरवली, तरी पंखा असाच थांबणार ना?"

पुरावा मिळाला होता, पण तो बारकूबाबांच्या बाजूने उभा होता. संजीवनीने वही मिटली. रात्री नामा जेवायला बसला तेव्हा तिने त्याच्याकडे बघायचं टाळलं, आणि त्याची तिला फार लाज वाटली.

दुसऱ्या दिवशी संजीवनी आणि अक्षदा घरात बसल्या होत्या, तिथे भाविक जाळं न घेताच आला. "मी विचार करत होतो," तो म्हणाला. "गाडी कधी बंद पडली ते तू लिहिलंस. कधी पडली नाही, ते लिहिलंस का?"

संजीवनीने त्याच्याकडे पाहिलं. मग वही उघडली.

या दोन महिन्यांत गाडी उतारावरून नऊ वेळा गेली होती. तीनदा बंद पडली. दोनदा खड्ड्यात आचके देऊन पुन्हा चालली, हे अक्षदाच्या आईला आठवत होतं. उरलेल्या चार फेऱ्या एकाच दिवसाच्या निघाल्या. जत्रेच्या दिवसाच्या. गाडी माणसांनी खच्चून भरलेली, तोच उतार, तेच खड्डे, आणि एक आचका नाही.

"त्या दिवशी काय वेगळं होतं?"

"गर्दी," भाविक म्हणाला.

"नारळ," अक्षदा म्हणाली. मग ती एकदम सरळ बसली. "थांब. त्या दिवशी आईला अंगणवाडी उघडायची होती, पाहुण्यांच्या पिशव्या ठेवायला. ती चावी मागायला तुमच्याकडे आली, तर जुडगा नामाकाकांकडे नव्हता. बारकूबाबांनी नेला होता, सगळी दारं उघडायला. काकांकडे नुसती गाडीची चावी होती."

तिघांनी एकाच वेळी खुंटीकडे पाहिलं.

करवंदवाडीची ही एक रीत होती. वाडीत सामायिक कुलूप कोणतंही लागो, त्याची एक चावी गाडीच्या जुडग्यात जायची. पाण्याच्या पंपाची, समाजमंदिराची, अंगणवाडीची, लग्नाच्या भांड्यांच्या खोलीची आणि देवळाची. देवळाची तर वीतभर लोखंडी, गंजलेली. नामा कुठे आहे ते सगळ्यांना ठाऊक असे, म्हणून चाव्याही तिथेच. या वर्षी पाडव्याला बारकूबाबांनी स्वतःच्या हाताने त्यात एक पितळी घंटा अडकवली होती. "वाडीचा सगळा भरवसा या एका कडीत आहे," असं म्हणाले होते, आणि त्या दिवशी नामाची मान ताठ होती.

ठमीच्या दुकानात तिघांनी जुडगा वजनाला टाकला.

"साडेसहाशे ग्राम," ठमी म्हणाली. "कांदे असते तर भाजी झाली असती तुमची."

जुडगा घेऊन तिघं परत गाडीकडे धावली. संजीवनी पुढे बसली, चावी अर्धी फिरवली, हात मांडीवर ठेवले. भाविक आणि अक्षदा मागच्या बंपरवर उभं राहून उड्या मारू लागली. गाडी हेलकावली. जुडगा डावीकडे गेला, उजवीकडे गेला, घंटा किणकिणली.

पंखा थांबला.

मग पुन्हा फिरला. मग पुन्हा थांबला.

संजीवनीने जुडगा सोडवला, एकटी चावी ठेवली. दोघं घाम फुटेपर्यंत उड्या मारत राहिली. पंखा फिरतच होता.

अक्षदाच्या आईच्या फोनवरून त्यांनी साईनाथला गाठलं. सगळं त्याने ऐकून घेतलं. "गाडी माझ्याकडे यायची तेव्हा उभी असायची," तो म्हणाला. "खड्ड्यात काय होतं ते मी बघितलंच नाही. उद्या येतो. तोवर ती कोणाला चालवू देऊ नका."

संजीवनी शेतावर गेली. नामा राबाची राख सारखी करत होता. तिने सांगितलं ते त्याने काठीला टेकून ऐकलं.

"घंटा बारकूबाबानेच लावली," तो शेवटी म्हणाला. "आता मी चारचौघांत उभा राहून त्याला सांगू, की तुझ्या घंटेने म्हातारीचा हात मोडला?"

"तुमी नका सांगू. मी सांगते."

"तसं नाय. माणूस मोठा आहे तो. त्याचं तोंड पडेल असं नाय बोलायचं."

"आणि तुमचं तोंड पडलंय त्याचं काय, बाबा?"

नामा पुन्हा राख सारखी करू लागला. पण त्याने तिला जाऊ नको असंही म्हटलं नाही.

शनिवारी समाजमंदिराच्या ओट्यावर वाडी जमली. दिपेश धुतलेला शर्ट घालून आला होता. बारकूबाबांनी हात पुढे केला, "आण नामा, जुडगा."

जुडगा संजीवनीच्या हातात होता. "देते बारकूबाबा," ती म्हणाली. "पण आधी तुमी एकदा गाडीत बसा. ड्रायव्हरच्या जागेवर. सगळ्यांसमोर."

"मला कुठं चालवता येते गो?"

"चालवायची नाय. नुसतं बसायचं. हात मांडीवर ठेवायचे."

लोक हसले. बारकूबाबा थोडे कुरकुरले, पण मुलांपुढे माघार घेणं त्यांना जमण्यासारखं नव्हतं. ते बसले. संजीवनीने जुडगा लावला, चावी अर्धी फिरवली आणि बाजूला झाली. पंखा फिरू लागला.

"ही गाडी आता उतारावर आहे," ती लोकांना म्हणाली. "हा आला खड्डा."

भाविक आणि अक्षदाने मागे उड्या मारल्या. घंटा वाजली. पंखा थांबला.

"बारकूबाबा," संजीवनीने विचारलं, "तुमी बंद केलीत?"

बारकूबाबांनी मांडीवरच्या आपल्या हातांकडे पाहिलं. ओट्यावर कोणी हसत नव्हतं. मागून धोंडीबाईचा आवाज आला, "हात मांडीवरच होते त्याचे. मला ताप नाय आज."

साईनाथ तोवर मोटरसायकल लावून आला होता. गर्दी बाजूला सारून तो गाडीशी आला. "आधी बॅटरी," तो म्हणाला, आणि सीटखालच्या बॅटरीची काळी वायर नामाने सोडवली. ती लागलेली असताना आत हात घातला तर ठिणगी उडते. मग स्टेअरिंगखालचं प्लास्टिकचं झाकण निघालं. चावी घालायच्या कुलपाच्या पाठीमागे काडेपेटीएवढा एक स्विच होता, दोन बारीक स्क्रूंनी बसवलेला. साईनाथने वायरींचा सॉकेट ओढून काढला आणि नामाने स्क्रू फिरवले.

बारकूबाबा अजून गाडीच्या दाराशीच उभे होते. "नामा," ते म्हणाले, "मी त्या दिवशी बोललो, ते..."

नामाने दोन्ही स्क्रू त्यांच्या तळहातावर ठेवले. "धरा बाबा. हरवले तर अख्ख्या डोळखांबात मिळायचे नाय."

बारकूबाबांनी मूठ घट्ट मिटली.

साईनाथने ओट्यावर चादर पसरून तिच्यावर स्विच उघडला. आतून टपकन एक स्प्रिंग उडाली आणि तिच्यामागे मोहरीहून थोडी मोठी पोलादी गोळी. सगळी वाडी जागच्या जागी थिजली. गोळी भाविकने धोंडीबाईच्या पदराच्या काठावरून उचलली.

"हे बघा," साईनाथ म्हणाला. आतले तांब्याचे पत्रे काळेठिक्कर पडले होते. "चावीला एवढं वजन लोंबतं, प्रत्येक खड्ड्यात हिसका बसतो, उतारावर वेगात तर जास्तच. आतलं प्लास्टिक झिजलं, पत्रे नीट टेकेनासे झाले. मी बॅटरी बदलत बसलो. चूक माझी आहे, नामाची नाही." हे त्याने सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हटलं.

बारीक पॉलिश पेपरने घासल्यावर पत्रे तांबूस झाले. साईनाथने त्यांना कणभर ग्रीस लावलं, गोळी आणि स्प्रिंग जागेवर बसवली. बारकूबाबांनी मूठ उघडून एकेक स्क्रू दिला. "एवढ्यावर पंधरा दिवस निघतील," साईनाथ म्हणाला. "मी नवा स्विच मागवतो. पण त्या कडीत आता फक्त एकच चावी."

बारकूबाबा ओट्यावर बसले आणि जुडगा सोडवू लागले. देवळाची चावी पुजाऱ्याला, पंपाची पाणीवाल्याला, अंगणवाडीची अक्षदाच्या आईला. प्रत्येकाला नाव घेऊन बोलावलं. शेवटी उरलेली गाडीची चावी घेऊन ते उठले आणि सगळ्यांदेखत नामाकडे गेले.

"चुकलो मी," ते म्हणाले. एवढंच, पण मोठ्याने. मग मुलांकडे वळले. "आणि तुमी तिघांनी मला गाडीत बसवून गप केलंत. माझ्या बापाला जमलं नव्हतं ते."

सोमवारी दुपारी जनाला कळा सुरू झाल्या. नामाने गाडी काढली. संजीवनी जनाची पिशवी घेऊन मागे बसली. मोरीखालचा उतार आला, मोठा खड्डा आला, गाडी दणकली. जनाने संजीवनीचा हात घट्ट धरला. इंजिन चालत राहिलं.

शहापूरला मुलगी झाली. दवाखान्याच्या बाकावर बापलेक चहा पीत बसली होती तेव्हा नामा म्हणाला, "शुक्रवारी तू चावी फिरवून बघितलीस, तेव्हा चाकाला दगड लावले होते का?"

"पुढं दोन, मागं दोन. हँडब्रेक पण ओढलेला."

नामाने मान डोलावली. मग आपल्या बशीतला उरलेला चहा त्याने तिच्या कपात ओतला.