क्लावाची बशी

इनोकेंती पाव्लोविच जन्मभर सिनेमात दारं उघडत आला होता. कधी हॉटेलचा दरवान, कधी रेल्वेचा गार्ड, कधी खालच्या मजल्यावरचा कटकट्या शेजारी. नायक आत आला की याचं काम संपलं. पण तेवढ्यात तो एक अशी काही शिंक द्यायचा की थिएटरातली माणसं डोळे पुसत हसायची. नायक व्हायची हौस त्याला नव्हतीच. स्टुडिओतून बोलावणं येत राहावं, एवढंच त्याला हवं होतं.

शूटिंगच्या पहिल्या दिवशी कॅमेऱ्याच्या तिपाईवर ताटली फोडायची आणि प्रत्येकाने एकेक तुकडा घरी न्यायचा, ही रीत. न नेला तर चित्रपट रखडतो. इनोकेंतीने तरुणपणापासूनचे आपले सगळे तुकडे बिस्किटांच्या डब्यात जपले होते.

गेले दोन हिवाळे मात्र फोन गप्प होता. म्हातारा खिडकीत बसून नेवा नदीवरचा बर्फ बघत राही. शेवटी त्याची बायको क्लावा वैतागली. ती पीटर्सबर्गात ट्राम चालवून निवृत्त झालेली, तिला रडकं तोंड सोसत नसे. एका रविवारी नाश्त्याच्या बशा बाजूला सारून तिने डबा टेबलावर पालथा केला आणि म्हणाली, चल, कोडं जुळवू.

जुळण्यासारखं त्यात काही नव्हतं. ओडेसातल्या शूटिंगचा तुकडा जाड, निळ्या काठाचा. ताश्कंदचा पातळ, सोनेरी रेघेचा. मध्ये कितीतरी वर्षं गेलेली. तरी ते दोन शेजारी ठेवले तर असे बसले की फटीत नख जाईना. मग तिसरा बसला. मग चौथा. आधी दोघं पोरांसारखी हसत होती, नंतर नुसतीच जुळवत राहिली. दुपारपर्यंत टेबलावर एक गोल ताटली तयार झाली. काठाशी एका तुकड्याची जागा तेवढी रिकामी होती.

“केशा, एकच रोल राहिलाय तुझा,” क्लावा त्याच्या लाडक्या नावाने म्हणाली.

“आणि मग?”

“मग घरी बस. माझ्यासाठी दारं उघड.”

त्याच आठवड्यात फोन आला. सर्कशीच्या म्हाताऱ्या दरवानाचं काम होतं. इनोकेंती स्वयंपाकघरात नाचला. पण सेटवर ताटली फुटल्यावर जो तुकडा त्याच्या हातात आला, तो त्याने न बघताच ओळखला. हाच तो, काठाचा. ताटली पुरी झाली की फोन कायमचा बंद, याबद्दल त्याला आता शंका उरली नव्हती. आणि तुकडा न न्यावा, तर सगळ्यांचं काम रखडणार.

घराच्या पायरीवर आपटून त्याने तुकड्याचे दोन केले.

“अर्धा तुझा,” तो क्लावाला म्हणाला.

“मी काय केलंय?”

“माझे संवाद पाठ करून घेतलेस.”

तिने तो बटणांच्या डब्यात टाकला. त्याच्या ताटलीत अर्धी फट उरली, आणि महिन्याभरात पुन्हा फोन वाजला. मग वाजतच राहिला. दर वेळी अर्धा तुकडा त्याचा, अर्धा तिचा. दर वेळी फट निम्मी व्हायची, बुजायची मात्र नाही. नव्वदी ओलांडलेला इनोकेंती तरुणपणी नव्हता एवढा लाडका झाला. बाजारात आंबवलेला कोबी विकणारी बाई पैसे घेईना. आजोबा, एकदा शिंका ना, म्हणायची. तो शिंकायचा. इतकं सुख त्याने कधी भोगलं नव्हतं.

मे महिन्यातली दुपार. बाहेरच्या खोलीत फोन वाजला. नवं काम. तो गुणगुणत आत आला.

क्लावाने बटणांचा डबा टेबलावर ओतला होता.

“बघ तर केशा, माझीपण जुळली.”

इवलीशी बशी होती. त्याने काठावरून बोट फिरवलं. मग पुन्हा फिरवलं.

फट कुठेच नव्हती.

त्याने सुरीचं टोक लावून बघितलं. निळा काठ होता, सोनेरी रेघ होती, पण सांधा सापडेना.

क्लावाकडे बंद पडायला फोन नव्हता; मग तिचं काय बंद होणार, या भीतीने त्याने बशी फोडायला डोक्यावर उचलली. क्लावाने ती अलगद त्याच्या हातातून काढून घेतली.

“जन्मभर ताटल्याच फोडल्यास. ही राहू दे.”

आणि तिने बशीत गरम चहा ओतला, फुंकर मारली, मजेत भुरका घेतला. टेबलावर थेंबही गळला नाही.