लाँचरशिवाय उघडलेला आखाडा

दुपारी ताई तळघरात उतरली ती धाकट्या भावाला जेवायला बोलवायला. एवढंच काम होतं. हाक मारायची, वर यायचं, ताटावर बसायचं.

धाकट्याचं गेमिंग सेंटर टायरच्या दुकानाखाली होतं. भिंतीकडे तोंड करून कॉम्प्युटरांची रांग, फाटक्या रेक्झिनच्या फिरत्या खुर्च्या, छताला एक ट्यूबलाइट आणि वरच्या दुकानातून झिरपणारा रबराचा वास. खिडकी नावालाही नाही, त्यामुळे भरदुपारी दिवा लावावा लागे. एरवी या वेळी तिथे मुंगीला शिरायला वाव नसायचा; आज चिटपाखरू नव्हतं. रस्ता खोदणाऱ्यांनी सकाळीच इंटरनेटची केबल तोडली होती आणि धाकटा गालावर हात ठेवून पडद्यांकडे बघत बसला होता.

"चल, ताट वाढलंय."

"घास उतरणार नाही, ताई. सगळे गेम मशीनमध्ये आहेत, रीतसर विकत घेतलेले. पण हा लाँचर आडवा आलाय. म्हणतो, आधी नेट, मग नाव, मग पासवर्ड. आलेलं गिऱ्हाईक तोंड वाकडं करून गेलं."

लाँचर म्हणजे गेम विकणाऱ्या कंपनीने आपल्या मशीनवर बसवलेला दरवान. गेम आपला, मशीन आपलं, वीज आपली. पण आधी त्याला सलाम ठोकायचा, मग तो दार उघडणार. ताईचं मस्तक फिरायला एवढं पुरे होतं. परदेशात राहून ती हेच शिकून आली होती. तिथे नोकरी पायघड्या घालून उभी असताना परतली होती, कारण आपल्या माणसांना आपल्याच वस्तूंचं मालक व्हायला शिकवायचं, असं तिच्या मनाने घेतलं होतं.

"घरातला डबा उघडायला आपण शेजाऱ्याची परवानगी मागतो का रे?" तिने खुर्ची ओढली. "घेतलेली वस्तू आपल्या हाताने उघडता आली पाहिजे. नाहीतर ती घेतली असं म्हणूच नये!"

"झालं, प्रवचन सुरू."

"प्रवचन नाही, प्रात्यक्षिक. बघ."

तिने गेमचा फोल्डर शोधला. आतल्या शंभर फायलींमधून गेमची खरी फाइल, जिच्यावर क्लिक केलं की गेम सुरू होतो ती, निवडली आणि थेट तीच उघडली. गाड्यांच्या शर्यतीचा गेम धडाक्यात सुरू झाला. दरवान झोपलेला, मालक घरात. धाकट्याने टाळी वाजवली. "ताई, तुझे पाय कुठे आहेत?"

"खुर्चीखाली. आता पुढचा."

बघता बघता तिने सगळे गेम असे मोकळे केले. उरला एकच: आखाडा. दगडी अंगण, दोन लढवय्ये, दोघांच्या हातात कुऱ्हाड. एक आपण, दुसरा नेटवरून आलेला कुणीतरी अनोळखी. सेंटरमध्ये सगळ्यात जास्त हाच चालायचा.

"तो राहू दे," धाकटा म्हणाला. "नेट नाही, तर समोर येणार कोण?"

"नसेना का कोणी. नुसता सराव कर."

पण आखाडा हट्टी निघाला. उघडायचा आणि मिटायचा. ताईला चेव आला. तिने फाइलवर उजवं बटण दाबलं आणि 'सर्व अधिकार देऊन चालवा' निवडलं. पडद्यावर नेहमीचा प्रश्न आला आणि तिने न वाचता 'होय' दाबलं. तो प्रश्न कोण वाचतं? कॉम्प्युटरवर आयुष्य काढलेली माणसं तर मुळीच वाचत नाहीत. नंतर मात्र तिला आठवत राहिलं, की प्रश्न नेहमीपेक्षा आखूड होता. 'या प्रोग्रामला तुमच्या संगणकात बदल करू द्यायचे का?' असं त्यात नव्हतं. 'बदल करू द्यायचे का?' एवढंच होतं.

गेम उघडला. कंपनीचं चिन्ह नाही, संगीत नाही, 'सुरू करा' नाही. एकदम ओलं दगडी अंगण, कडेने दाट धुकं. मधोमध पाठमोरा उभा असलेला लढवय्या. एरवी त्याच्या डोक्यावर खेळणाऱ्याचं नाव तरंगायचं. आज तिथे काहीच नव्हतं.

"जमलं की!" धाकटा खुर्चीत बसला, की-बोर्डवर बोटं ठेवली. "ताटं झाकून ठेव, एकच डाव..."

तो थांबला. धुक्यातून आवाज येत होता. दगडावरून लोखंड ओढल्याचा. खर्रर्र... खर्रर्र... तळघरातला रबराचा वास हळूहळू मागे सरला आणि त्याच्या जागी दुसराच वास पसरला. ओल्या लोखंडाचा, उघड्या मांसाचा.

"नेट आलं वाटतं," ताई म्हणाली.

"नाही आलं," धाकटा हळूच म्हणाला. "नेटच्या खुणेवर बघ ना... फुली आहे."

धुक्यातून दुसरा लढवय्या आला. त्याच्याही डोक्यावर नाव नव्हतं. तो क्षणभर थबकला, मग त्याने कुऱ्हाड वर उचलली आणि धाकट्याच्या लढवय्याच्या खांद्यात घातली.

धाकटा किंचाळला.

आधी ताईला वाटलं, नाटक करतोय. मग त्याच्या शर्टाचा खांदा आपोआप उसवत गेला आणि आतून रक्ताची चिळकांडी उडून पडद्यावर पडली. मांस उललं होतं. आत पांढरं काहीतरी दिसत होतं, आणि ते हाड आहे हे कळायला तिला वेळ लागला.

"ऊठ! ऊठ तिथून!"

"हात... हात सुटत नाहीत, ताई..."

दुसरा घाव मांडीवर बसला. तिने जिन्याकडे धाव घेतली. वरचं शटर खाली आलेलं होतं. तिने ते पाडलं नव्हतं. दोन्ही हातांनी रेटलं, खांदा लावला. ते जागचं हललं नाही. पलीकडून टायरवाले काका ओरडत होते, "अगं ए, काय लावलंय खाली? शटर कुणी पाडलं?"

"काका, तोडा ते!"

मग तिने मशीन चालवणाऱ्या कुणाच्याही डोक्यात पहिलं येईल ते केलं. भिंतीवरचा मुख्य खटका खाली ओढला. ट्यूबलाइट विझली, पडदे काळे झाले, मशीनमधले पंखे थांबले.

आवाज थांबला नाही.

खर्रर्र... खर्रर्र... आता तो स्पीकरमधून येत नव्हता. तळघराच्या फरशीवरून येत होता, खुर्च्यांच्या मधून, तिच्या अगदी जवळून.

"ताई, काय केलंस..." धाकटा अंधारात हुंदके देत होता. "आता मला दिसत नाही तो कुठून मारतोय... दिवा लाव... लाव ना..."

थप्प. ओलसर. मग बोटं मोडल्यासारखं कटकन. मग धाकट्याचा असा आवाज, जो तिने तो लहान असताना तापातही ऐकला नव्हता.

तिने चाचपडत खटका वर केला. बाकीची मशीनं काळीच राहिली. तेवढं एक, सुरू व्हायला वेळ न घेता, सरळ अंगणात उघडलं. धाकट्याची मान कलली होती. डाव्या हाताची दोन बोटं की-बोर्डवर होती, हात मात्र नव्हता. तो खाली लोंबत होता. तिने त्याच्या काखेत हात घालून, सगळा जीव एकवटून त्याला ओढलं. तो जमिनीवर कोसळला. पण पडद्यावर त्याचा लढवय्या तसाच उभा होता, आणि समोरच्याची कुऱ्हाड पुन्हा वर जात होती.

ताई खुर्चीत बसली.

तिची बोटं बटणांना लागली तसा पाठमोरा लढवय्या बदलला. खांदे अरुंद झाले. पाठीवर वेणी आली. तिचीच वेणी, सकाळी घातलेली, टोकाला तपकिरी रबर.

घाव तिच्या दंडावर उतरला. वेदना एवढी स्वच्छ होती, की तिला ओरडताही आलं नाही. तिने दिसेल ते बटण दाबलं. तिची कुऱ्हाड फिरली, समोरच्याच्या गुडघ्यात रुतली, आणि त्या धक्क्याने तिचे तळवे झिणझिणले. की-बोर्डवर हात असताना तळव्यात लाकडाचा दांडा जाणवत होता.

समोरचा मागे सरला. पडद्याच्या खालच्या कोपऱ्यात, खेळणारे एकमेकांना लिहितात त्या चौकटीत, अक्षरं उमटली. त्यांच्याच भाषेत.

थांब. मी मारत नाहीये. समोर कुणी उभा राहिला की हातच मारतात.

तिने लिहिलं: कोण आहेस तू?

आमच्याकडे नेट गेलं होतं. लाँचर उघडेना. मी फाइलवरून सरळ सुरू केला. पोटात लागलंय. तुला?

कुठल्यातरी दुसऱ्या खोलीत, अशाच खुर्चीत, तिच्यासारखाच एक माणूस बसला होता. हेच तर ती सगळ्यांना शिकवणार होती. सभा घेणार होती, गावोगाव सांगत फिरणार होती: उघडा, आपल्या हाताने उघडा.

तिने लिहिलं: आपण दोघंही मारायचं नाही. कुऱ्हाडी खाली ठेवू.

ठेवू, त्याने लिहिलं.

दोन्ही लढवय्ये कुऱ्हाडी खाली झुकवून अंगणात समोरासमोर उभे राहिले. क्षणभर काहीच घडलं नाही. फक्त शटरवर काकांच्या हातोड्याचे ठोके आणि जमिनीवर धाकट्याचा श्वास. तो श्वास आता बुडबुडे फुटल्यासारखा येत होता. रक्त खुर्च्यांच्या चाकांखालून पसरत जिन्यापर्यंत गेलं होतं.

दार उघडत नाही, त्याने लिहिलं. एक पडल्याशिवाय उघडेल असं वाटत नाही.

माझा भाऊ मरतोय, तिने लिहिलं.

चौकटीत तीन ठिपके हलू लागले. तो उत्तर लिहीत होता.

"ताई..." जमिनीवरून धाकट्याचा आवाज आला, जेमतेम. त्याचे डोळे पडद्यावर होते. कितीतरी दुपारी त्याने हा खेळ पाहिला होता, खेळला होता, दुसऱ्यांना शिकवला होता. "तो लिहितोय... लिहिताना हात कुऱ्हाडीवर नसतात... आत्ता..."

ठिपके हलत होते. माझी आई, एवढं उमटलं.

ताईने घाव घातला.

पहिला मानेत बसला. तो गुडघ्यांवर आला आणि त्याने रिकामा पंजा वर केला, थांब म्हणताना माणूस करतो तसा. दुसऱ्या घावाला तो पंजा राहिला नाही. तिसरा तिने का घातला, ते तिला कधीच सांगता आलं नाही. चौथाही. तोंडावर गरम काहीतरी उडत होतं आणि ती कुणाच्यातरी आवाजात ओरडत होती.

मग अंगण रिकामं झालं. वरती शटर धाडकन उचललं गेलं आणि दुपारचं ऊन जिन्यावरून खाली कोसळलं.

"अरे देवा," टायरवाले काका पहिल्याच पायरीवर खाली बसले. "अरे देवा, पोरांनो..."

धाकटा वाचला. दोन बोटं गेली, खांदा कायमचा वाकडा राहिला, पण वाचला. सर्जनने ताईच्या दंडाला टाके घातले, धाकट्याच्या जखमांतून दगडाची कच काढली आणि विचारलं, "हा कुठे पडला होता, खाणीत?" ताईने सांगितलं, पंख्याचं पातं निखळून पडलं. पोलिसांनाही तेच सांगितलं. त्यांनी पंखा नसलेल्या छताकडे बघितलं, तिच्याकडे बघितलं, आणि दुसरा हल्लेखोर सापडेना म्हणून ते लिहून घेतलं.

इस्पितळातून परतल्यावर तिने त्या मशीनची डिस्क काढली आणि काकांच्या हातोड्याने तिचा भुगा केला. सभेचं नाव तिने पुन्हा काढलं नाही. धाकट्याने एकदाच विचारलं, "'माझी आई'च्या पुढे काय... काय लिहिणार होता तो?"

"जेव," ती म्हणाली.

सेंटर पुन्हा सुरू झालं. लाँचर आधी नाव विचारत होता, मग पासवर्ड, आणि ताई निमूटपणे सांगत होती. अशाच एका सकाळी, ती खुर्च्या पुसत असताना, सेंटरचा फोन वाजला.

पलीकडे एक बाई होत्या. आवाज थकलेला, सभ्य.

"कॉम्प्युटरचं सगळं जमणाऱ्या ताई आपणच का?"

"हो. बोला."

"माझा मुलगा गेला. महिना होत आला. खुर्चीतच..." बाई थांबल्या. "मला त्यातलं काही कळत नाही हो. पण त्याचा गेम बंदच होत नाही. वीज काढली, तरी नाही. खोलीला कुलूप लावलं, तर भिंतीतून आवाज येतो."

ताईच्या हातातलं फडकं खाली पडलं. "माझा... माझा नंबर कुणी दिला तुम्हाला?"

"पडद्यावर तुमच्या पायाशी लिहिलाय की. दगडावर."

बाईंच्या आवाजामागे काहीतरी ऐकू येत होतं. एका लयीत. थप्प. थोडा वेळ काही नाही. थप्प.

"मी तुम्हाला शिव्या द्यायला फोन केला नाही," बाई म्हणाल्या, आणि त्यांचा आवाज पहिल्यांदा फाटला. "झालं ते झालं, पोरी. तो गेला. मग आता तरी... तू थांबत का नाहीस? रोज बघते मी. वेणी पुढे येते, मागे जाते. अजून मारतेस त्याला. थांब ना आता."

ताईने फोन कानाशी तसाच धरून उजवा हात उजेडात पसरला. हात अगदी स्थिर होता. तळव्यावर मात्र दांडा घासून उठतात तसे फोड होते, आणि त्यांतला एक ती बघत असतानाच फुटला.