सातपैकी तीन

दिग्रस हे भारतवर्षातील एक प्राचीन विद्यानगर असून येथील प्रत्येक दगडाला ज्ञानाचा स्पर्श झालेला आहे.

हे वाक्य माझं. एका मंगळवारी दुपारी, इंग्रजी विभागाच्या कॉम्प्युटरवर, चहा येईपर्यंतच्या वेळात मी ते लिहिलं. खरं सांगायचं तर आमचं कॉलेज अठ्ठ्याहत्तर साली निघालं आणि त्याआधी त्या जागी एका जिनिंगवाल्याचं सरकीचं गोदाम होतं. दगडांना स्पर्श झाला असेलच तर सरकीचा. विद्यापीठ तिकडे अमरावतीला. पण मार्चमध्ये मूल्यांकन समिती येणार होती आणि तिच्या अर्जात ‘वारसा पदयात्रा’ असा एक रकाना होता. रकाना रिकामा ठेवायचा नाही, एवढी एकच परंपरा आमच्याकडे खरोखर प्राचीन आहे.

दुसरी परंपरा म्हणजे अहवाल आधी लिहायचा, कार्यक्रम नंतर घ्यायचा. कार्यक्रमानंतर अहवाल लिहिला की कार्यक्रमात जे झालं ते लिहावं लागतं, आणि त्यात कोणाचंच भलं नसतं. म्हणून बुधवारच्या पदयात्रेचा अहवाल मंगळवारी संध्याकाळीच तयार होता. ‘चाळीस विद्यार्थ्यांनी उत्स्फूर्त सहभाग घेतला. सर्व जण सुखरूप परतले.’ सुखरूप हा शब्द मागच्या वर्षीच्या सहलीच्या अहवालातून तसाच उतरला होता. मी काढला नाही. त्या आळसाबद्दल मी आता रोज सकाळी हात जोडतो.

गाइड प्राचार्य साहेबांनी निवडला. “ज्ञानपरंपरेचे गुण वेगळे आहेत,” ते म्हणाले. “माणूस मातीतला पाहिजे.” आणि त्यांनी खिडकीतून बाहेर पाहिलं. बाहेर सुखीबाई झाडत होती.

सुखीबाई साठीच्या पुढची. गावाबाहेरच्या तांड्यावरून तीस वर्षं झाली, रोज पायी येते. तिचे पूर्वज बैलांच्या पाठीवर मिठाच्या गोण्या लादून मुलूखभर फिरत. त्याला ती लदेणी म्हणते. कॉलेजात कोणती फरशी हलते आणि कोणता प्राध्यापक कुठे झोपतो, हे तिच्याइतकं कोणाला ठाऊक नाही.

“मी काय सांगू सर? मले वाचताबी येत नाही.”

“वाचायचं नाही, दाखवायचं.”

“दाखवतो मंग.”

पोछा मारता मारता तिने सात ठिकाणं सांगितली. मी चहाकडे लक्ष ठेवून टाइप केली. प्राचार्य साहेबांनी हिरव्या शाईत सही केली. त्या यादीशी संबंध आलेल्या आम्हा तिघांपैकी एकानेही ती वाचली नाही. सुखीबाईकडे त्याला निदान कारण होतं.

बुधवारी साडेदहाला गेटवर बावीस विद्यार्थी जमले. माझी मुलगी निकिता त्यांत नव्हती. ती बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला आहे आणि नेहमीप्रमाणे सकाळी आठपासून अभ्यासिकेत बसली होती, तिसऱ्या खिडकीखाली. कॉलेजात ती मला ओळखत नाही. “घरी तुम्ही बाबा, वर्गात सर,” ती म्हणते. “गेटवर काय म्हणायचं ते ठरत नाही, म्हणून मी आधी निघते.” तिची आई पुसदच्या शाळेत शिकवते, सहाच्या एसटीने जाते. म्हणून डबे मी भरतो. त्या दिवशी भेंडी होती. निकिताचा डबा निळा, स्टीलचा. झाकण इतकं घट्ट की उघडताना दर वेळी माझा उद्धार होतो.

जानेवारीचं ऊन कोवळं होतं. रस्त्यावरून कापसाच्या गाड्या जिनिंगकडे चालल्या होत्या आणि हवेत कापसाचे तंतू तरंगत होते. आम्ही सगळे कॉलेजच्या कमानीखाली उभे राहिलो.

“इथं कमान होती,” सुखीबाई म्हणाली. “लोखंडाची. वरती पांढऱ्या रंगानं नाव होतं.”

पोरं हसली.

“मावशी, आहे ना कमान. हे काय!” रंजिता म्हणाली. ही द्वितीय वर्षाची, तोंडाने जरा जास्त.

“हो ना. तेच सांगून राह्यली मी.”

मीही हसलो. पण एक गोष्ट मला खटकली. ऊन कमानीमागून येत होतं आणि नावातल्या अक्षरांच्या सावल्या आमच्या शर्टांवर पडल्या होत्या. सुखीबाईच्या कपाळावरही ‘महा’ एवढी दोन अक्षरं होती. तरी तिने डोळे बारीक करून वर हात धरला होता, तोंडावर थेट ऊन येत असल्यासारखा. वयाचा परिणाम, मी मनात म्हटलं. माझ्या वयाला हे स्पष्टीकरण बऱ्याच ठिकाणी चालतं.

दुसरं ठिकाण मागच्या बाजूची विहीर. जाळी अर्धी उघडी, कठड्यावर दोराच्या खाचा.

“इथं पाणी होतं. आमच्या लदेणीचे बैल पेत. गोणी भिजली का मीठ पाझरे, पाठ सोलून निघे बैलाची. मंग त्याईले दिवसभर इथंच बसवत.”

ती आठवल्यासारखी बोलत नव्हती. दिसतं तसं बोलत होती. तिच्या जन्माच्याही आधीची ही गोष्ट असणार.

“सर,” भारत नावाचा एक पोरगा हळूच म्हणाला, “बैलाचा वास येऊन राह्यला.”

येत होता. ओल्या कातड्याचा आणि खारट. आजूबाजूला होतं काय, तर सायकल स्टँड.

रंजिताने खडा उचलून विहिरीत टाकला. खोलवर डुबुक वाजलं. “मावशी, आहे की पाणी!”

तेवढ्यात गेटकडून लोखंड फरफटल्याचा लांबलचक आवाज आला आणि मागोमाग चौकीदार रामलाल धावत आला. “सर, कमान गेली! कापसाचा आयशर होता, वरचा माल अडकला, तशीच ओढत नेली त्यानं. कोणाले लागलं नाही. ड्रायव्हर पान खाऊन राह्यला.”

पोरांना आनंद झाला. “मावशी, पेपरबी सांगा ना आमचे!” “मावशी, माह्या लग्नाचं पाहा!” सुखीबाई हसली, अगदी साधं. हसत हसत रंजिताने दुसरा खडा टाकला.

टक्.

मी वाकून पाहिलं. आतली भिंत पुरुषभर उंचीपर्यंत ओली होती, चकाकत होती. तळाला चिखल होता आणि चिखलावर दोन खडे.

मी इंग्रजी शिकवतो. भूजलपातळीवर माझं काही मत नाही. मी म्हटलं, “चला, पुढे चला.”

तिसरं ठिकाण अभ्यासिका.

जुन्या गोदामाचा तेवढाच भाग शिल्लक होता. वर नंतर स्लॅब टाकला, स्लॅबवर पाण्याची टाकी ठेवली. समोर सपाट फरशी. त्या फरशीवर सुखीबाई पाय उचलून उचलून चालत होती. एकदा थांबली, लुगडं सावरलं, काहीतरी ओलांडलं आणि पुन्हा चालू लागली. पावसाळ्यात दगडगोट्यांतून चालावं तशी.

“इथं अभ्यासिका होती,” ती म्हणाली.

कोणी हसलं नाही.

“वरती टाकी होती. चांगले लेकरं बसत. तिकडून तिसऱ्या खिडकीखाली एक पोरगी बसे. तिचा निळा डबा सापडला. एका अंगानं चेपला होता, पण झाकण नाही निघालं. भेंडी होती त्याच्यात.”

सकाळी साडेसातला मी ती भेंडी भरली होती. सुखीबाई तेव्हा तांड्यावरून निघालीही नसेल.

“आणि पोरगी?” मी विचारलं.

तिने माझ्याकडे पाहिलं. प्रेमाने पाहिलं, हे मी शपथेवर सांगतो.

“ते तुमी लिहिलं असन ना सर. अहवाल तुमीच लिहिता.”

मी बुद्धिवादी माणूस आहे. कॉलेजच्या विज्ञान दिनाला माझं भाषण असतं. दारापर्यंतची पंधरा पावलं मी चालत गेलो, धावलो नाही. विद्यार्थी पाहत होते. आत पंख्याचा आवाज, पानांचा आवाज. छताला एक ओला डाग होता. तो गेल्या वर्षीही होता.

“सगळ्यांनी बाहेर या,” मी म्हणालो. “फोटोला संख्या कमी पडतेय.”

कोणी हललं नाही. पडू द्या, असं त्यांच्या चेहऱ्यावर स्वच्छ लिहिलं होतं.

“सर, नाश्ता आहे का?” कोपऱ्यातून एकाने विचारलं.

“आहे.”

नव्हता. पण खुर्च्या सरकल्या. माझ्या नोकरीतली ही सर्वांत उपयोगी लबाडी.

निकिता बसूनच होती. “सर, माझी टेस्ट चालू आहे. टायमर लावलाय.”

“निकिता, ऊठ.”

“बाबा, काहून असं करता?” कॉलेजात पहिल्यांदाच ती मला बाबा म्हणाली. बहुधा माझा चेहरा पाहून. ती उठली, दारापर्यंत आली आणि वळली. “डबा राहिला.”

“राहू दे.”

“बाबा, दोन मिनिटं.”

मी तिचं मनगट धरलं. चार लोकांत, सगळ्या कॉलेजसमोर. ती लाल झाली. मी सोडलं नाही.

कडुनिंबाखाली मी त्यांना तीन रांगांत उभं केलं. फोटोवर अक्षांश-रेखांश उमटवणारं ॲप उघडलं. बावीस माझे, बाकीचे आतले. सवयीने मोजले.

चाळीस.

पुन्हा मोजले. चाळीस.

“सर, काढा ना आता,” रंजिता म्हणाली.

मी काढला.

आवाज फार मोठा नव्हता. वखारीत एकावर एक कापसाच्या गठाणी टाकाव्यात तसा, चार-पाच वेळा. मग टाकीचं पाणी वाहिल्याचा. मग काहीच नाही. धूळ आमच्यापर्यंत आली तेव्हा तिच्यात कापसाचे तंतू होते.

फरशीवर मलबा पसरला होता. जिथे सुखीबाईने लुगडं सावरून पाय उचलला होता, तिथे स्लॅबचा तुकडा पडला होता, गुडघाभर उंच.

निकिताने माझा हात धरला होता. कधी धरला ते मला कळलं नाही.

संध्याकाळी रामलालने डबा आणून दिला. एका बाजूने चेपलेला. झाकण निघालं नव्हतं. आम्ही ते स्क्रूड्रायव्हरने काढलं. भेंडी अगदी चांगली होती. तिघांनी एका ताटात खाल्ली. निकिताच्या आईला घास जाईना, पण तिनेही खाल्ली. इतकी चांगली भेंडी मी त्याआधी केली नव्हती आणि नंतरही जमलेली नाही.

दुसऱ्या दिवशी लुगडं आणि नारळ घेऊन मी तांड्यावर गेलो. सुखीबाईने घोंगडी टाकली, चहा ठेवला. लुगडं आणि नारळ मी तिच्यापुढे ठेवले. तिच्या पाया पडलो. ती संकोचली.

“मी काय केलं सर? मी त जसं हाये तसं दाखवलं. चाळीस तुमी लिहिलं होतं.”

“तुम्हाला कसं माहीत काय लिहिलं होतं? तुम्हाला वाचता येत नाही.”

“नाही येत,” ती म्हणाली. चहा गाळला, कप माझ्यापुढे ठेवला. “सर, राह्यले चार. कधी येता?”

मी सवड नाही म्हणालो. महिनाभर तेच म्हणत राहिलो. सुखीबाई रोज कमान होती तिथे बसून मला हात करते आणि मी मागच्या गेटने जातो. कृतज्ञता आहेच. पुरेपूर आहे. लांबून आहे.

मार्चमध्ये समिती आली, जेवली आणि गेली. आम्हाला ‘ब’ श्रेणी मिळाली. पदयात्रेचे गुण कापले गेले, कारण मंजूर सात स्थळांपैकी तीनच झाली होती. उरलेली पूर्ण करून अहवाल पाठवावा, असा शेरा होता. तेव्हा ती यादी मी पहिल्यांदा वाचली. चौथं स्थळ, माझ्याच टायपिंगमध्ये: प्राचार्यांचे दालन.

पाच, सहा आणि सात मी हाताने झाकले.

यादी घेऊन साहेबांकडे गेलो. दालनाबाहेर सुखीबाई पोछा मारत होती. दारापाशी आली आणि पाय उचलून उचलून चालू लागली. आत जाऊन मी साहेबांना म्हटलं, सर, आपण एकदा वाचून घ्यावी. फोटोला कडुनिंबाखाली यावं, तिथे उजेड चांगला असतो.

साहेबांनी हिरवं पेन काढलं. आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी एक यादी शेवटपर्यंत वाचली. खूश झाले.

यादी आज परत आली. सही आहे. चौथ्या स्थळापुढे त्यांनी स्वहस्ते भर घातली आहे: ‘समूह छायाचित्र येथेच घ्यावे. शनिवार, सकाळी साडेदहा. नाश्ता आहे.’